कोपराखालचा हात अपघातात तुटल्यानंतरचे फॉलो-अप: कोडिंगबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पुणे, नवी मुंबई अशा ठिकाणी बसून अमेरिकी रुग्णालयांचे चार्ट कोड करणाऱ्यांसाठी हे पान आहे. त्यामुळे नियम अमेरिकेतले आहेत: निदानासाठी आयसीडी-१०-सीएम, प्रक्रियांसाठी सीपीटी, कृत्रिम अवयवासाठी एचसीपीसीएस. भारतातल्या नोंदींबद्दल शेवटी वेगळा प्रश्न घेतला आहे. इथे कोड देवनागरीत लिहिले आहेत. विम्याच्या क्लेमवर ते अर्थातच रोमन अक्षरांत आणि अंकांत जातात, आणि इलेक्ट्रॉनिक क्लेममध्ये मधला टिंब टाकत नाहीत.

मूळ कोड कोणता, आणि तो कसा निवडायचा?

कोपर आणि प्रबाहू (कोपर ते मनगट हा भाग) यांच्या अपघाती अंगच्छेदनाचा गट एस५८. त्यात तीन पातळ्या आहेत. एस५८.० म्हणजे थेट कोपरापाशी, एस५८.१ म्हणजे कोपर आणि मनगट यांच्या मध्ये, आणि एस५८.९ म्हणजे पातळी लिहिलेलीच नाही. पाचवा अंक १ असेल तर हात पूर्ण तुटलेला, २ असेल तर अर्धवट. सहावा अंक बाजू सांगतो: १ उजवी, २ डावी, ९ नोंद नाही. सातव्या जागी ए, डी किंवा एस, म्हणजे उपचाराचा टप्पा (पुढे समजावले आहे). म्हणजे उजवा हात कोपर-मनगटाच्या मध्ये पूर्ण तुटला असेल आणि रुग्ण बरा होण्याच्या टप्प्यात असेल, तर एस५८.१११डी. सहा जागा आधीच भरलेल्या असल्यामुळे इथे एक्सची (रिकामी जागा भरणाऱ्या अक्षराची) भर घालावी लागत नाही.

पूर्ण की अर्धवट हे डॉक्टरांनी लिहिले नसेल तर पूर्ण धरायचे, ही सूचना कोडपुस्तकातच आहे. बाजूचे तसे नाही. ९ टाकण्याआधी चार्ट नीट चाळा. बाजू उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी लिहिली नसली तरी इतर क्लिनिशियनच्या नोंदीवरून ती घेता येते. हात तुटलेल्या रुग्णाच्या क्लेमवर ‘बाजू अनिर्दिष्ट’ दिसली की तो अडकण्याची शक्यता मोठी.

दोन्ही हात गेले असतील तर दोन कोड, एस५८.१११ आणि एस५८.११२. दोघांसाठी एकच असा कोड नाही. रुग्ण उजवखोरा आहे की डावखोरा, याचा या गटात संबंध नाही.

फॉलो-अपला झेड४७.८१ का चालत नाही? नाव तर तेच आहे.

सर्वांत जास्त चुका इथे होतात. झेड४७.८१ म्हणजे शस्त्रक्रियेने केलेल्या अंगच्छेदनानंतरची ऑर्थोपेडिक देखभाल. गँगरीन झाले, गाठ निघाली, म्हणून सर्जनने हात काढला, तर हा कोड आणि सोबत झेड८९ मधला कोड. अपघाताने हात तुटला असेल तर मार्गदर्शक तत्त्वे स्पष्ट आहेत: दुखापतीच्या देखभालीसाठी आफ्टरकेअरचे झेड कोड वापरायचे नाहीत, मूळ दुखापतीचा कोडच सातव्या जागी डी लावून चालू ठेवायचा. ड्रेसिंग बदलणे किंवा टाके काढणे यांसाठीचे झेड४८ मधले कोडही याच कारणाने बाद होतात. ‘टाके काढले’ एवढीच नोंद असलेल्या भेटीलाही एस५८.१११डी पुरेसा आहे.

आता खरा पेच. हात यंत्रात चिरडला, पण अंगाला धरून होता. वाचवता येत नाही म्हणून सर्जनने शस्त्रक्रियागृहात काढला. ही दुखापत आपोआप एस५८ मध्ये बसत नाही. डॉक्टरांनी ‘अर्धवट अपघाती अंगच्छेदन’ असे लिहिले असेल तर एस५८.१२- (डॅशच्या जागी उरलेले अंक आणि अक्षर). फक्त ‘क्रश इंज्युरी’ लिहिले असेल तर दुखापत एस५७.८१एक्स, म्हणजे उजव्या प्रबाहूची क्रश इंज्युरी. फॉलो-अपला तिलाच डी, आणि हात आता नाही हे सांगायला झेड८९.२११. इथे स्वतःच्या मनाने ठरवू नका. ऑपरेशनच्या नोंदीतले पहिले दोन परिच्छेद वाचा आणि तिथेही संदिग्ध असेल तर डॉक्टरांना क्वेरी (लेखी प्रश्न) पाठवा.

ए, डी आणि एस यांतला फरक नेमका कुठे पडतो?

भेट पहिली आहे की पाचवी, यावर अजिबात नाही. उपचार कोणत्या टप्प्यात आहे, यावर.

ए म्हणजे दुखापतीवर सक्रिय उपचार चालू आहेत: इमर्जन्सी विभाग, शस्त्रक्रिया, सर्जनने किंवा दुसऱ्या तज्ज्ञाने चालू ठेवलेला सक्रिय उपचार. अशा अपघातात जखम बहुधा माती, तेल, लोखंडाच्या कणांनी भरलेली असते, म्हणून सर्जन ती आधी उघडी ठेवतो, दोन-तीन दिवसांनी पुन्हा स्वच्छ करतो, मग बंद करतो. या तिन्ही वेळा ए. दुसऱ्या वेळेला डी लावणारे कोडर डीच्या अधिकृत नावातल्या ‘सबसिक्वेंट’ (पुढची भेट) या शब्दाला फसतात.

डी म्हणजे सक्रिय उपचार संपले, आता भरून येण्याचा काळ: टाके काढणे, ड्रेसिंग, जखम तपासणे, औषध कमी-जास्त करणे, स्टंपला (हाताच्या उरलेल्या भागाला) आकार यावा म्हणून इलॅस्टिक बँडेजची तपासणी.

एस म्हणजे दुखापत भरून आली, पण तिच्यामुळे नवे दुखणे मागे राहिले. एस कधीच एकटा जात नाही. आधी त्या दुखण्याचा कोड, मग दुखापतीचा कोड एस लावून. दुखापतीनंतर किती दिवसांनी एस लावावा याला मुदत नाही. दोन महिन्यांनीही लागू शकतो, वीस वर्षांनीही.

रुग्ण दुसऱ्या राज्यात गेला, नव्या डॉक्टरांकडे पहिल्यांदाच आला. मग ए ना?

नाही. टेक्सासमध्ये शस्त्रक्रिया झाली, सहा आठवड्यांनी रुग्ण न्यू जर्सीत नव्या डॉक्टरांकडे जखम दाखवायला आला, तर निदान एस५८.१११डी. भेटीचा कोड मात्र नव्या रुग्णाचा, ९९२०२ ते ९९२०५ मधला. ‘नवा रुग्ण’ ही सीपीटीची कल्पना आहे आणि डॉक्टरांच्या ग्रुपशी निगडित आहे; सातवे अक्षर उपचाराच्या टप्प्याशी. दोन्ही एकाच क्लेमवर शेजारी-शेजारी बसतात आणि त्यात काहीही विसंगत नाही. ऑडिटमध्ये कुणी हे चूक म्हणून दाखवले तर त्या चार्टवर ठाम राहा.

झेड८९.२११ कधी लावायचा?

झेड८९ हा स्थितिदर्शक कोड आहे: अवयव आता नाही, एवढेच तो सांगतो. झेड८९.२११ उजवा, झेड८९.२१२ डावा, दोन्ही कोपराखालचे. मनगटाच्या सांध्यातून गेलेला असेल तर झेड८९.१२-, कोपराच्या वर असेल तर झेड८९.२२-.

स्थितिदर्शक कोड दुसऱ्या कोडमधली माहितीच पुन्हा सांगत असेल तर तो लावायचा नाही, हे तत्त्व आहे. एस५८.१११डीमध्ये बाजू, पातळी आणि हात पूर्ण तुटल्याची माहिती आहे, म्हणून जखम भरत असताना झेड८९.२११ची गरज नसते. गुंतागुंतीच्या कोडसोबत तो उपयोगी पडतो: टी८७.४१ सांगतो की उजव्या वरच्या अवयवाच्या स्टंपला संसर्ग झाला आहे, पण स्टंप कोपराखाली आहे की खांद्याजवळ, हे सांगत नाही. जखम पूर्ण भरून कुठलाही त्रास नसलेला रुग्ण रक्तदाब तपासायला आला, तर दुखापतीचा कोड जाऊन फक्त झेड८९.२११ राहतो.

एक बारकावा नवीन कोडरच्या हातून हमखास सुटतो. हात मनगटापाशी तुटला, पण हाड झाकायला पुरेशी चांगली त्वचा नव्हती म्हणून सर्जनने प्रबाहूच्या मध्यापर्यंत आखूड केला. दुखापत जिथे झाली तिथलीच कोड करायची: एस६८.४११, म्हणजे मनगटाच्या पातळीवर उजवा हात पूर्ण तुटणे. आजचा स्टंप मात्र कोपराखालचा, म्हणून पुढे झेड८९.२११. एक कोड इतिहास सांगतो, दुसरा आजची स्थिती, आणि ते जुळत नाहीत म्हणून कुणाला ‘दुरुस्त’ करायचे नाही.

तुटलेला हात पुन्हा जोडला असेल तर?

मग झेड८९ पूर्णपणे बाद, कारण हात जागेवर आहे. रिप्लांटेशनचा सीपीटी कोड २०८०५. तो पूर्ण तुटलेल्या प्रबाहूसाठी आहे. फॉलो-अपचे निदान एस५८.१११डीच. जोडलेल्या भागात गुंतागुंत झाली, उदाहरणार्थ रक्तप्रवाह बंद पडला, तर टी८७.०एक्स१ उजव्यासाठी, टी८७.०एक्स२ डाव्यासाठी. यात एक्स मध्ये आहे, शेवटी नाही, आणि त्यापुढे ए-डी-एसपैकी काहीही लागत नाही. सॉफ्टवेअरने सातवे अक्षर मागितले तर कोड चुकीचा टाइप झाला आहे असे समजा.

स्टंपच्या गुंतागुंतीचे कोड कोणते?

सगळे टी८७ मध्ये, आणि यातल्या कशालाही सातवे अक्षर नाही.

न्यूरोमा (कापलेल्या नसेच्या टोकाची गाठ): टी८७.३१ उजवा, टी८७.३२ डावा. संसर्ग: टी८७.४१ आणि टी८७.४२, कल्चरमध्ये जंतू सापडला असेल तर त्याचा कोडही जोडा, जसे एमआरएसएसाठी (बऱ्याच प्रतिजैविकांना दाद न देणारा जंतू) बी९५.६२. ऊती मृत झाल्या असतील तर टी८७.५१ आणि टी८७.५२. जखम उसवली तर टी८७.८१, यात बाजूच नाही, म्हणून शेजारी झेड८९.२११ असणे फार उपयोगाचे. सूज, रक्त साकळणे, स्टंप किंवा वरचा सांधा आखडणे हे टी८७.८९ मध्ये. कोपराखालच्या स्टंपमध्ये कोपर वाकलेल्या स्थितीत आखडणे ही पुढे कृत्रिम हात बसवताना त्रास देणारी गोष्ट, म्हणून थेरपिस्टच्या नोंदीत दिसली की डॉक्टरांच्या नोंदीत तिला निदान म्हणून स्थान मिळाले आहे का, ते पाहा. थेरपिस्टच्या नोंदीवरून निदान कोड करता येत नाही.

भेट गुंतागुंतीसाठी असेल तर तिचा कोड पहिला.

गेलेल्या हातात दुखते असे रुग्ण सांगतो. हे टी८७.८९ मध्ये घालू का?

नको. आभासी अवयवाची वेदना, जिला सगळे फँटम पेन म्हणतात, तिचा कोड जी५४.६. नुसती जाणीव आहे, वेदना नाही, तर जी५४.७. जखम भरल्यानंतरच्या भेटीत क्रम असा: आधी जी५४.६, मग एस५८.१११एस.

पण ‘स्टंपमध्ये दुखते’ आणि ‘गेलेल्या बोटांत दुखते’ ही दोन वेगळी दुखणी आहेत. न्यूरोमाची वेदना स्टंपच्या एका बिंदूवर दाबले की विजेसारखी उठते; फँटम पेन नसलेल्या भागात जाणवते. दोन्हींचे उपचार वेगळे आणि मंजुरीही वेगळी मागावी लागते. नोंदीत फक्त ‘पेन’ असेल तर अंदाज बांधू नका, विचारा. क्वेरीत उत्तर सुचवायचे नाही, पर्याय द्यायचे: ‘उजव्या स्टंपमधील वेदनेचे कारण कृपया नोंदवावे: न्यूरोमा, फँटम पेन, संसर्ग, अन्य कारण, सांगता येत नाही.’ आणि हा प्रश्न कोणत्या तारखेच्या कोणत्या ओळीवरून निघाला, ते वर लिहा.

९० दिवसांच्या आतल्या भेटीचे बिल का नाकारले जाते?

प्रबाहूच्या अंगच्छेदनाच्या शस्त्रक्रिया, म्हणजे २५९०० आणि त्या ओळीतले कोड, मेडिकेअरमध्ये (अमेरिकी सरकारचा आरोग्य विमा) ९० दिवसांच्या ग्लोबल पॅकेजमध्ये, म्हणजे शस्त्रक्रियेसह एकाच रकमेत, येतात. शस्त्रक्रियेच्या आदला दिवस, शस्त्रक्रियेचा दिवस आणि पुढचे ९० दिवस. या काळात त्याच सर्जनच्या किंवा त्याच ग्रुपमधल्या त्याच विशेषज्ञतेच्या डॉक्टरांच्या नेहमीच्या भेटी आधीच मोजल्या गेलेल्या असतात. त्या ९९०२४ने नोंदवतात. त्याला पैसे नाहीत. पुनर्वसन तज्ज्ञ किंवा मानसोपचारतज्ज्ञ वेगळ्या विशेषज्ञतेचे असल्यामुळे त्यांची भेट वेगळी बिल होते.

पुन्हा शस्त्रक्रिया झाली तर मॉडिफायर (प्रक्रियेच्या कोडला जोडायची दोन अंकांची किंवा अक्षरांची खूण) नीट निवडा. आधी २५९०५ने हात सरळ आडवा कापून जखम उघडी ठेवली आणि ठरल्याप्रमाणे नंतर २५९०७ने बंद केली, तर ५८. यात नवा ९० दिवसांचा काळ सुरू होतो. न ठरवता गुंतागुंतीसाठी शस्त्रक्रियागृहात परत न्यावे लागले, तर ७८. नवा काळ सुरू होत नाही आणि शस्त्रक्रियेच्या भागापुरतेच पैसे मिळतात. संबंध नसलेली शस्त्रक्रिया असेल तर ७९, संबंध नसलेली भेट असेल तर २४. स्टंप आणखी वर कापावा लागला तर प्रक्रिया २५९०९. पहिल्या शस्त्रक्रियेच्या नोंदीत ‘दुसऱ्या टप्प्यात बंद करू’ हे वाक्य आहे का, यावर ५८ उभा राहतो किंवा पडतो.

संसर्गावर क्लिनिकमध्येच उपचार झाले तर मेडिकेअर वेगळे पैसे देत नाही. काही खासगी विमा कंपन्या देतात, कारण सीपीटीच्या व्याख्येत पॅकेजमध्ये फक्त नेहमीची देखभाल येते. म्हणून पेयरचा (पैसे देणाऱ्या विमा संस्थेचा) नियम पाहिल्याशिवाय बिल सोडूनही देऊ नका आणि पाठवूही नका.

थेरपी आणि कृत्रिम हाताचे कोड कसे बसतात?

ऑक्युपेशनल थेरपीचे पहिले मूल्यमापन ९७१६५ ते ९७१६७, गुंतागुंत किती आहे त्यानुसार. कृत्रिम हात वापरण्याच्या प्रशिक्षणाची पहिली भेट ९७७६१. त्यानंतरच्या भेटींना ९७७६३. दुसऱ्या-तिसऱ्या भेटीलाही ९७७६१ लावणे ही नेहमीची चूक. हे कोड १५ मिनिटांचे आहेत आणि मेडिकेअरमध्ये ८ मिनिटांचा नियम लागतो: ८ ते २२ मिनिटे एक युनिट, २३ ते ३७ दोन, ३८ ते ५२ तीन. ९७७६१ची २० मिनिटे आणि ९७११०, म्हणजे व्यायामाची १५ मिनिटे झाली, तर एकूण ३५, म्हणजे दोन युनिट, प्रत्येकी एक. नोंदीत मिनिटे नसतील तर थेरपिस्टकडे परत पाठवा. मॉडिफायर ऑक्युपेशनल थेरपीला जीओ, फिजिओथेरपीला जीपी.

कृत्रिम हात बसवण्याच्या किंवा जुळवण्याच्या भेटीचे निदान झेड४४.०२१ उजव्यासाठी, झेड४४.०२२ डाव्यासाठी, कोपराखालचा हात असल्यामुळे ‘आंशिक कृत्रिम हात’. सोबत झेड८९.२११. हात आधीच बसवलेला आहे आणि रुग्ण दुसऱ्याच कारणासाठी आला, तर झेड९७.११ किंवा झेड९७.१२.

उपकरणाचे कोड एल६००० च्या पुढे. एल६१०० हे लवचीक कोपर-बिजागरी आणि ट्रायसेप्स पॅड असलेले साचेबंद सॉकेट (स्टंप बसतो तो भाग), एल६११० मन्स्टर किंवा नॉर्थवेस्टर्न पद्धतीचे सॉकेट, एल६९३५ मायोइलेक्ट्रिक, म्हणजे स्नायूंच्या विद्युतसंकेतांवर चालणारा हात. बाजूसाठी आरटी किंवा एलटी. के० ते के४ हे कार्यक्षमतेचे दर्जे पायांसाठी आहेत. हाताच्या क्लेमवर ते नकोत. मायोइलेक्ट्रिक हाताची मंजुरी अडते ती बहुधा नोंदीमुळे. पातळी, स्टंपची लांबी, त्वचा भरल्याची तारीख, स्नायूंचा संकेत तपासल्याचा निष्कर्ष आणि तारेने चालणारा साधा हात का पुरेसा नाही, हे सगळे डॉक्टरांच्या नोंदीत असले पाहिजे. इथली एक सुटलेली ओळ म्हणजे रुग्णाला आणखी काही आठवडे एका हाताने काढावे लागणे.

अपघाताचे कारण प्रत्येक भेटीला लिहायचे का?

दुखापतीवर उपचार चालू आहेत तोवर बाह्य कारणाचा कोड लावता येतो, सातवे अक्षर दुखापतीच्या कोडशी जुळवून. धातुकामाच्या यंत्रात हात गेला असेल तर पहिल्यांदा डब्ल्यू३१.१एक्सएक्सए, फॉलो-अपला शेवटी डी. शेतीच्या यंत्रासाठी डब्ल्यू३० पाहा. जागा, कृती आणि कामाची स्थिती सांगणारे वाय९२, वाय९३, वाय९९ मात्र फक्त सुरुवातीच्या भेटीत, एकदाच. बाह्य कारणाचा कोड पहिला कधीच येत नाही. राज्याचा किंवा पेयरचा नियम नसेल तर तो सक्तीचाही नाही, पण कामगार नुकसानभरपाईच्या क्लेमवर तो नसला की प्रश्न येतातच.

भारतातल्या रुग्णालयात हेच कोड चालतील का?

नाही. इथे जागतिक आरोग्य संघटनेचे मूळ आयसीडी-१० वापरले जाते. त्यात कोपर-मनगटाच्या मधल्या अपघाती अंगच्छेदनाला एस५८.१ इतकेच, बाजू नाही, ए-डी-एस नाही. मागे राहिलेल्या परिणामांसाठी तिथे स्वतंत्र कोड आहे, टी९२.६, जो अमेरिकी आवृत्तीत नाही. मनगटाच्या वरून गेलेल्या हातासाठी झेड८९.२, कृत्रिम हात बसवण्यासाठी झेड४४.०. अमेरिकी चार्टची सवय झालेला कोडर भारतीय नोंदीत डी लावून बसतो आणि प्रणाली कोड नाकारते.

बाजू कोडमध्ये नसल्यामुळे ती डिस्चार्ज कार्डवर शब्दांत लिहिणे अत्यावश्यक आहे. कारखान्यातल्या अपघातात स्टंपची लांबीही सेंटिमीटरमध्ये लिहा. २०२५मध्ये सामाजिक सुरक्षा संहितेने जागा घेतलेल्या कर्मचारी नुकसानभरपाई अधिनियम, १९२३च्या पहिल्या अनुसूचीत कोपराच्या टोकापासून ११.४३ सेंटिमीटरपेक्षा कमी अंतरावर अंगच्छेदन झाले असेल तर कमाईच्या क्षमतेतली घट ७० टक्के धरली होती, त्यापुढच्या अंतरावर ६० टक्के. कार्डवर फक्त ‘कोपराखाली’ असेल, तर हा फरक ठरवायला कामगाराला पुन्हा मोजमापासाठी खेटे घालावे लागतात.